अप्पांची बंडी

८ मार्च २०२४, शुक्रवार, श्रीवर्धन

महाशिवरात्र. हरिहरेश्वरला निघालेल्या गाड्यांनी सकाळपासून रस्ता तुंबलेला. भाची माणगावला रेल्वेतून उतरली ती याच गर्दीत सापडली आणि एस.टी.त उभ्यानं आली. गोव्यात चित्रकला शिकते, शेवटचं वर्ष. पाठीवर पिशवी आणि बगलेत गुंडाळलेली निळी ताडपत्री. ही कशाला म्हणून विचारलं तर म्हणाली, "आत्या, आपलीच आहे ही. निसर्ग वादळानंतर घरावर घातली होती ना, तीच. दिवाळीत मी घेऊन गेले होते."

जेवताना तिनं सांगून टाकलं. परीक्षेसाठी तिला तिच्या आजोबांवर, म्हणजे आमच्या अप्पांवर काम करायचंय. चित्र नव्हे, नाटकही नव्हे. अप्पांचे कपडे घालून वाडीत सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत राहायचं आणि वादळाआधीची वाडी आठवून आठवून ताडपत्रीच्या पाठीवर काढायची. दिवसभर एक शब्द बोलायचा नाही.

दादा खाली मान घालून जेवत राहिला. आई म्हणाली, "आणि जेवायचं काय करणार?"

१० मार्च, रविवार

रात्री तिनं मोबाइलवर निखिल चोप्राच्या कामाच्या फिती दाखवल्या. शाळेत चित्रकला शिकवण्यात माझी सगळी नोकरी गेली, एलिमेंटरी-इंटरमिजिएटला बसवलेली पोरं गावभर आहेत, पण कलावंताचं अंग हेच चित्र, हा प्रकार मी आजवर लांबूनच पाहिला होता. नाव ठाऊक होतं, माणूस ठाऊक नव्हता.

चोप्रा १९७४ सालचा, जन्म कोलकात्याचा. बडोद्याला आणि नंतर अमेरिकेत ओहायोला शिकला. आता गोव्यात असतो. माधवी गोरे आणि रोमॅं लुस्तो यांच्यासोबत २०१४ मध्ये तिथं 'एचएच आर्ट स्पेसेस' ही जागा त्यानं उभी केली. भाचीनं त्याचं नाव पहिल्यांदा तिथंच ऐकलं. त्याचे आजोबा योगराज चोप्रा काश्मीरची निसर्गदृश्यं रंगवायचे. नातवानं त्यांच्यावरून एक पात्र उभं केलं, योगराज चित्रकार. त्याआधी 'सर राजा' नावाचा एक नटवा संस्थानिक होता. त्याचा मृत्यूसुद्धा २००५ मध्ये मुंबईत किताब महालात साजरा झाला.

हा योगराज लोकांसमोर उठतो, अंघोळ करतो, दाढी करतो, जेवतो, कपडे चढवतो, झोपतो. मधल्या वेळात समोर दिसतं ते कोळशानं काढत बसतो. त्या चित्रांना त्यानं नावच 'मेमरी ड्रॉइंग' दिलं आणि त्यांना क्रमांक लावत गेला. २००७ मध्ये तो श्रीनगरच्या लाल चौकात याच वेशात रस्त्यावर चित्र काढायला बसला. लाल चौकात! जिथं माणूस नुसता उभा राहिला तरी कुणीतरी विचारतं, कोण तुम्ही? २०१३ मध्ये मॅंचेस्टरला ६५ तास सलग: कापडावर कोळसा, कारण त्या शहराच्या गिरण्या कोळशावर चालल्या आणि त्यातला कापूस आपल्या मुंबईहूनही गेला. २०१७ मध्ये अथेन्सहून जर्मनीतल्या कासेलपर्यंत व्हॅननं मुक्काम करत, वाटेत चित्रं काढत गेला. २०१९ च्या सप्टेंबरात न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये नऊ दिवस मुक्काम, रात्रीची झोपही तिथंच.

मला यात आवडलं ते वेगळंच. आजोबा कसे होते, ते गेल्यावर काय झालं, काश्मीर कसं सुटलं, यातलं तो काहीही सांगत नाही. आपल्याकडे 'आयुष्यातून आलेली कला' म्हटलं की आधी रडं ऐकायची तयारी करावी लागते. हा माणूस गप्प बसून काम करतो. कधी कधी तर मध्येच वेश बदलून बाई होतो, आणि तेही कुणाला समजावत नाही.

भाचीला म्हटलं, तुझ्या अप्पांनाही बोलायचा कंटाळाच होता, तेव्हा तेवढं तरी जमेल.

१३ मार्च, बुधवार

आज आईनं ट्रंक उघडली. अप्पांची धोतरं दिवस झाल्यावर देऊन टाकली होती. राहिली एक खादीची बंडी, काखेत विटलेली, आणि पोफळीवर चढताना पायांत अडकवायचा काथ्याचा फास. भाचीनं बंडी हातात घेतली. आईनं ती तिच्या हातून परत घेतली.

"घाम त्यांचा आहे. तू घालून काय करणार?"

पुढं काही झालं नाही. ट्रंक बंद. भाची मागच्या पडवीत जाऊन बसली. मी मधे पडले नाही, कारण मला दोघींचंही पटत होतं.

पण ही बंडी साधी नाही. ३ जून २०२० ला दुपारी अप्पांच्या अंगावर हीच होती. टाळेबंदी चालू होती, त्यामुळे मुंबईची पोरंही घरी. वादळ दिवेआगरच्या अंगानं किनाऱ्यावर चढलं, वारा ताशी शंभराच्या वर. माड मुळासकट आडवे झाले. पोफळींचं तसं नाही. पोफळ वाऱ्यात वाकते, परत उठते, पुन्हा वाकते आणि मग कधीतरी मध्येच कडाडून मोडते. आम्ही माजघरात बसून ते आवाज ऐकत होतो. कौलं उडाली तेव्हा सगळे ओरडलो. अप्पा ओरडले नाहीत. प्रत्येक कडाक्याला ते कान देत होते, आणि मला नंतर कळलं की कुठली गेली ते आवाजावरून ठरवत होते.

त्यांची झाडांना नावं होती. 'बोडकी', 'वाकडी', बांधापलीकडच्या वाडीतली सुपारी पडून उगवलेली 'सावत्र', १९७५ ला लावलेली 'आणीबाणी'. पंचनाम्याला माणसं आली त्यांना अर्थात आकडा हवा होता. भरपाई आधी हेक्टरी पन्नास हजार जाहीर झाली. पण आमच्याकडच्या वाड्या गुंठ्यांत मोजतात, हेक्टरचा हिशेब इथं कुणाला लागू पडणार? मग झाडागणिक ठरली, पोफळीला ५० रुपये, माडाला २५०. पोफळ लावली की सहा-सात वर्षं पाणी घालत बसायचं, तेव्हा कुठं पहिली सुपारी. अप्पांनी पंचनाम्यावर सही केली, सुपारी संशोधन केंद्राकडून रोठ्याची रोपं आणली, ओळी आखल्या. पुढच्या पावसाळ्यात गेले. आता ती रोपं भाचीच्या डोक्याच्या वर गेली आहेत. फळ अजून नाही.

१५ मार्च, शुक्रवार

दुपारभर डोक्यात तोच प्रश्न. आपलं आयुष्य आपलंच असतं का? त्यात निम्मी माणसं दुसऱ्यांची. ती काही कागदावर सही करून देत नाहीत.

सोफी काल नावाच्या फ्रेंच बाईला प्रियकरानं ईमेल पाठवून संबंध तोडला. तिनं तो ईमेल १०७ बायकांना वाचायला दिला, प्रत्येकीनं आपापल्या पेशाच्या नजरेनं त्याचा अर्थ लावायचा, आणि २००७ मध्ये ते सगळं व्हेनिसला मांडलं. धमाल आहे, हुशारीचं आहे. तरी मला मधूनमधून त्या बिचाऱ्या लिहिणाऱ्याची आठवण येते. मरिना अब्रामोविचनं १९९७ मध्ये व्हेनिसलाच गाईच्या रक्ताळलेल्या हाडांच्या ढिगावर बसून चार दिवस ती हाडं घासून धुतली. युगोस्लाव्हियातल्या लढाया नुकत्याच होऊन गेल्या होत्या. आईबापांची चित्रंही तिनं तिथं लावली होती. दोघं दुसऱ्या महायुद्धातले लढवय्ये. तिथं मात्र मला खटकत नाही. आईबाप भिंतीवर आहेत, पण हाडं ती स्वतः घासते आहे. कष्ट तिचे.

आणि १९८८ ची ती चीनची भिंत! ती आणि उलाय दोन टोकांनी चालत निघाले, मधे भेटले आणि तिथं कायमचे वेगळे झाले. आमच्याकडे घटस्फोटाला अलिबागच्या कोर्टापर्यंत खेपा घालतात, चालणं त्यातही पुष्कळ होतं.

भाचीला हे सगळं सांगितलं. ती हसली नाही. म्हणाली, "आत्या, मला आजीला दुखवायचं नाहीये. पण अप्पा माझेही होते."

१७ मार्च, रविवार

तोडगा चोप्राच्याच कामातून निघाला. फिती पुन्हा पाहताना कपड्यांकडे लक्ष गेलं. योगराज चित्रकाराचे ते जुन्या घाटाचे कोट-विजारी आजोबांच्या कपाटातले नव्हेत. सुरुवातीच्या कामांचे पोशाख तबशीर झुत्शी या पोशाखकार बाईंनी मुद्दाम घडवले. म्हणजे आजोबा तेवढे खरे, कपडे बेतलेले. ही साधी गोष्ट माझ्या लक्षात आधी का नाही आली, कोण जाणे; नाटकवाल्यांना तर ती पाळण्यात कळते. शिमग्यात सोंग आणणारा पोऱ्या बायकोचं लुगडं नेसत नाही, शेजारणीचं मागून आणतो. बायकोचं नेसला तर घरी भांडण आणि बाहेर गंमत नाही.

संध्याकाळी भाचीला घेऊन शिंप्याकडे गेले. अप्पांच्या बंड्या त्यांनीच शिवलेल्या. आता डोळ्यांनी कमी दिसतं, मशीनवर मुलगा बसतो. पण माप त्यांना तोंडपाठ. छाती, खांदा, लांबी घडाघडा सांगितली आणि म्हणाले, "डावा खिसा खोल. तंबाखूची चंची राहायची त्यात." भाचीच्या अंगाला ती बंडी डगळी होणार हे उघड होतं. शिंपी म्हणाले, बाळे, तुझ्या मापाची करू का? ती म्हणाली, नको, त्यांच्याच मापाची.

आईला सांगितलं. आई काही बोलली नाही, पण रात्री विचारलं, कापड कुठलं घेतलंत. खादी म्हटल्यावर मान हलवली.

२० मार्च, बुधवार

दादा महाडला कामाला गेला होता, उशिरा परतला. चवदार तळ्याचा दिवस; १९२७ पासूनची तारीख, रस्त्यांवर निळे झेंडे आणि दूरदूरच्या गाड्या. गाड्यांवरच्या कर्ण्यांतून भीमगीतं चालली होती म्हणाला. त्या चळवळीच्या जलशांतून पुढं काय काय आलं याची यादी करायला बसलं तर रात्र जाईल. माझ्या मनात मात्र उर्मिला पवार आल्या. कोकणातल्याच, रत्नागिरीच्या अंगाच्या. त्यांचं आत्मचरित्र 'आयदान' २००३ मध्ये आलं आणि पुढं सुषमा देशपांडे यांनी ते रंगमंचावर आणलं. एकाच बाईचं आयुष्य तीन नट्यांनी वाटून घेतलेलं. एकीनं सुरू केलेलं दुसरी उचलते, मधेच तिसरी आई होते. उर्मिलाबाई स्वतः रंगमंचावर नाहीत, आणि तरी नाटकभर त्याच.

सुषमाताईंनी स्वतः 'व्हय, मी सावित्रीबाई' एकटीनं वर्षानुवर्षं केलं. तिथं एक बाई दुसरीचं आयुष्य अंगावर घेते. त्यामुळे स्वतःच्या आयुष्यावरची कला म्हणजे स्वतःच समोर बसून स्वतःबद्दल बोलणं, असं जे हल्ली मानतात ते मला तोकडं वाटतं. आगरी लग्नात धवलारीण धवळे गाते ते नवरानवरीचे. पण म्हातारी धवलारीण पाठवणीचा धवळा गाताना तिची स्वतःची पाठवणी त्यात नसते असं कोण म्हणेल?

दादानं येताना कोळशासाठी पोतंभर करवंट्या आणल्या. कुणी सांगितलं नव्हतं.

२४ मार्च, रविवार, होळी

आळीत सकाळपासून वाद. होळीला उभं करायला झाड कुठलं? पूर्वी पोफळ यायची, सरळ, उंच, शेंड्याला झुबका. वादळानंतर पोफळ तोडायची म्हटलं की बायका पुढं येतात. यंदा सुरूवर भागलं. जुनी माणसं नाराज, पण सुरू जळतो झकास.

भाचीनं करवंट्या मागच्या चुलीत झाकून जाळल्या. कोळसा टणक निघाला. ताडपत्रीवर ओढून पाहिला तर घसरतो. मग पाठीला भाताची पेज चोपडून वाळवली. ही युक्ती आईची, पापडाच्या पिठाच्या अनुभवावरून म्हणे. आता तू पण यात आहेस, असं मी आईला मुद्दाम म्हटलं नाही.

२५ मार्च, सोमवार, धुळवड

उजाडताना भाची नव्या बंडीत आणि गुडघ्यापर्यंत खोचलेल्या पंचात मागच्या दारानं बाहेर पडली. विहिरीवर तोंड धुतलं. अप्पांसारखं पाटाचं पाणी पायानं फोडलं, एका आळ्यातून दुसऱ्यात. वाडीत बांधाच्या बाजूला ताडपत्री अंथरली होती, चार कोपऱ्यांवर नारळ. ती गुडघ्यावर बसली आणि विहिरीपासून सुरुवात केली.

पहिले दोन तास पाहण्यासारखं काही नव्हतं, हे प्रामाणिकपणे लिहिते. एक मुलगी कोळशानं ठिपके काढतेय. मी चहा करायला उठले. मग आळीतली रंगलेली पोरं डोकावली, एकानं "हे काय चाललंय" विचारलं, तिनं उत्तर दिलं नाही, आणि ती पोरं, जी कुणाचं ऐकत नाहीत, बांधावर गप्प बसली. दहाच्या सुमारास ठिपक्यांच्या ओळी झाल्या. ओळींत झाडं ओळखू यायला लागली, कारण प्रत्येक झाडाच्या खोडाचा वाक तिनं वेगळा दिला होता. 'वाकडी' वाकडी होती.

तेवढ्यात आई आली. काठी टेकत टेकत ताडपत्रीपर्यंत गेली, वाकली, आणि म्हणाली, "बोडकी इथं नव्हती. पाटाच्या अल्याड."

भाचीनं बोलायचं नाही ठरवलेलं. तिनं वर पाहिलं. आईनं काठीनं जागा दाखवली. भाचीनं बोटानं जुना ठिपका पुसला, दाखवलेल्या जागी नवा काढला. आई तिथंच बसली. मी खुर्ची आणून दिली तर नको म्हणाली, विरी अंथरून बसली. त्यानंतर दिवसभर बोलणारी आई आणि काढणारी भाची. कुठल्या झाडाला सुपारी बारीक यायची, कुठल्या झाडावरून अप्पा घसरले, कुठल्या झाडाखाली माझा दुसरा भाऊ, जो तीन महिन्यांचा होऊन गेला, त्याची वार पुरली होती. हे मला माहीत नव्हतं. दादालाही नसावं, तो मोटारीशी खटपट करत होता, ती करायची थांबला.

दुपारी आईनं पेज आणि सुकट मागवली. भाची जेवली ते अप्पांसारखं, उकिडवं बसून, घास मोठे. पोरं हसली. आईही हसली आणि म्हणाली, "ते एवढा आवाज नव्हते करत." बघायला आलेल्या एका बाईंनी मला हळूच विचारलं, आजींचं पाठांतर कुणी करून घेतलं?

संध्याकाळी उजेड गेला तशी भाची उठली. तिचे गुडघे सुजले होते, बंडी काळी. तिला मोठ्या आवाजात रडायला आलं. मी जवळ गेले नाही. आईनं फक्त एवढंच म्हटलं की बंडी आत्ताच भिजत घाल, कोळसा नंतर निघत नाही.

२७ मार्च, बुधवार

भाचीला शिक्षकांना फीत पाठवायची आहे. दादानं झाडाला मोबाइल बांधून सगळं टिपलं होतं. पण आता तिचा प्रश्न वेगळाच: काम एकटीचं म्हणून द्यायचं की आजीसोबतचं? मी म्हटलं, आजीचं नाव आधी लिही. ती म्हणाली, आजीला विचारलं, आजी म्हणते नाव नको, अप्पांचं घाल. मग तिघांची नावं घालायचं ठरलं. नियमात बसतं की नाही ते शिक्षक बघतील.

ताडपत्री ओटीवर टांगली आहे. येणारा-जाणारा थांबतो, आपल्या वाडीचं काढून देशील का विचारतो. एकानं तर पैसेही सांगितले. भाचीनं नाही म्हटलं नाही, हो पण म्हटलं नाही. मला वाटतं तिनं ते करू नये. त्यांच्या घरच्या पोरांनी करावं.

दुपारी बांधापलीकडचे शेजारी आले. बराच वेळ ताडपत्रीसमोर उभे राहिले, चष्मा काढला, परत घातला. मग दादाला म्हणाले, चित्र छान आहे, पण बांधावरचा माड तुमच्या अंगाला दाखवलाय. तो आमच्यात होता. पंचनाम्यात आमच्या नावावर लागलाय. हे असं चार लोकांना दिसायला लागलं म्हणजे उद्या मोजणीच्या वेळी बोलणं येईल.

दादा म्हणाला, अहो, ते आठवणीचं चित्र आहे.

आई आतून म्हणाली, "माड काढलाय तिथंच होता. नारळ मात्र तुम्ही नेत होतात."

उद्या ते मोजणीचा जुना नकाशा घेऊन येणार आहेत. भाचीनं परतीचं तिकीट पुढं ढकललं.